कबड्डीच्या पोरींची बास्केटबॉल टीम

आमच्या विद्यापीठात बास्केटबॉलचा हंगाम म्हणजे हरेपर्यंतचे दिवस. हरलात की घरी. अकोल्यातल्या आमच्या कॉलेजचा हंगाम बहुतेक वेळा पहिल्याच दुपारी आटोपायचा. मी तिथली तासिका तत्त्वावरची क्रीडाशिक्षिका. बास्केटबॉल आणि व्हॉलीबॉलमधला फरक मी प्राचार्यांना दर वर्षी समजावते, ते दर वर्षी मान डोलावतात.

या सगळ्यात खरी खेळाडू एकच, ज्योत्स्ना. जुन्या शहरातल्या ऑटोवाल्या जानरावांची मुलगी. कॉलेजचा एकुलता एक धड बॉल तिच्याच घरी असायचा. सकाळ-संध्याकाळ ती तो गल्लीत आपटायची आणि शेजारी ओरडायचे, "भिंती पाडतं काय वं पोट्टे?"

यंदा तिचं शेवटचं वर्ष. घरात बोलणं ठरलं होतं: विद्यापीठाच्या संघात निवड झाली तर अमरावतीला बी.पी.एड., नाही तर परतवाड्याच्या स्थळाला होकार. मग मीही हट्टाला पेटले. टीम कुठून आणायची? कबड्डीच्या चार पोरी उचलल्या. जिवाला जीव देणाऱ्या, पण समोरची दिसली की धरणाऱ्या.

तरी रडतखडत आम्ही उपांत्य फेरी गाठली. सामना अमरावतीला होता आणि निवड समिती समोरच बसली होती. ज्योत्स्नाचा हात असा बसला होता की विचारू नका. पण कबड्डीतल्या मैनानं समोरच्यांच्या कमरेला मिठ्या मारमारून पाच फाऊल केले. पाच झाले की बाहेर. तिच्यामागं आणखी दोघी गेल्या. उरल्या ज्योत्स्ना आणि खुशी, आणि खुशीचेही चार झालेले. मैदानात एकटीच उरली तर सामना तिथंच संपतो.

"खुशी, हात मागं बांध आन् कोपऱ्यात उभी राय! कोनाले शिवू नको!" मी ओरडले.

ती खरंच तशी उभी राहिली, वर्गात शिक्षा झाल्यासारखी. लोक हसत होते. ज्योत्स्ना एकटी पाच जणींशी झुंजत होती आणि तरी बास्केट करत होती. समितीतल्या एका सरांनी मला तिचं नाव विचारलं. माझे डोळे भरून आले.

तेवढ्यात कुणाचा तरी धक्का लागून ज्योत्स्ना तोंडावर आपटली. पंचांना तो धक्का दिसला नाही. समोरची पोरगी बॉल घेऊन खुशीच्या बाजूनं निघाली. खुशीचे हात सुटले. तिनं सूर मारून त्या पोरीचा घोटाच धरला. शिट्टी वाजली.

संध्याकाळी निवडलेल्यांची नावं वाचली, ज्योत्स्नाचं नव्हतं. मी त्या सरांना गाठलं. ते म्हणाले, "पोरगी भारी आहे, मॅडम. पण खेळ पाच जणींचा. ही टीममध्ये कशी खेळते, ते दिसलंच नाही."

"टीम होती कुठं दिसायला?" मी म्हटलं. संताप संताप झाला, पण उपयोग काय?

परतीच्या एसटीत खुशी ज्योत्स्नाच्या मांडीवर डोकं ठेवून रडत होती. "मी काहून हात सोडले वं?"

"मी पडली म्हनून," ज्योत्स्ना म्हणाली.

अकोल्याच्या स्टँडवर जानराव ऑटो घेऊन उभे होते. "घेतलं काय इले, मॅडम?"

"नाही हो. पण खेळली मात्र..."

"बरं," म्हणत त्यांनी तिची बॅग उचलली. माझ्याकडे पाहिलं नाही.

ज्योत्स्नानं बॅगेतून बॉल काढून माझ्या हातात दिला. "हा आता कॉलेजात ठेवा, मॅडम. गल्लीतल्या लोकायले झोप तरी लागन."

तिला थांबवावंसं फार वाटलं. पण थांबवून द्यायला माझ्याजवळ होतं काय?