टाळीमास्तर

माझे सासरे बोलता बोलता थांबत, आणि ते थांबले की लोक टाळ्या वाजवत. विषय कुठला चालला आहे याच्याशी त्या टाळीचा फारसा संबंध नसे. उपरण्याचे टोक डाव्या खांद्यावर सारून ते गर्दीवरून एकदा नजर फिरवीत आणि गप्प उभे राहत. तेवढ्यात देवळाचा सभामंडप दणाणून जाई. रत्नागिरीत त्यांना सगळे भाऊ म्हणत, आणि पाठीमागे टाळीमास्तर. ते नाव त्यांच्या कानावर गेले होते. त्यांना ते आवडतही असे, हे मी घरातली म्हणून सांगू शकते.

मी लग्न होऊन आले तेव्हा ते शाळेतून नुकतेच निवृत्त झाले होते. सासूबाई आधीच गेल्या होत्या. वर्षभरात माझे यजमान रंगूनला एका तांदळाच्या पेढीत कारकून म्हणून गेले. तिकडे पगार बरा होता आणि इकडे आंब्याच्या चार कलमांवर घर चालत नव्हते. मागे उरलो मामंजी आणि मी. त्यांनी माझ्यावर कधी आवाज चढवला नाही. वर्तमानपत्र आले की ते आधी माझ्या हातात देत. "तू वाच आणि मला सांग. तुझ्या लक्षात राहील तेवढंच लोकांच्या लक्षात राहणार," असे म्हणत.

भाषणाची वाक्ये ते स्वयंपाकघराच्या उंबऱ्याशी बसून माझ्यावर पारखून घेत. मी विळीवर भाजी चिरत असे. "विळी चालू राहिली तर वाक्य फुकट गेलं, थांबली तर ठेवायचं," हा त्यांचा हिशेब. कधी गंमत म्हणून मी उगीचच हात थांबवी. ते लगेच ओळखत आणि म्हणत, "ही लबाडी हो, सूनबाई!" मग दोघेही हसत असू. त्या घरात तेवढेच हसणे होते, पण पुरेसे होते.

नगरपालिकेत निवडून गेल्यावर त्यांनी पहिला ठराव आणला तो गटाराचा नव्हे, इटलीच्या निषेधाचा. आफ्रिकेतल्या हबशांच्या मुलखावर इटलीने स्वारी केली होती. "मामंजी, आपल्या आळीतलं गटार?" मी विचारले. "अगो, गटाराला टाळी पडत नाही," ते म्हणाले, आणि ते खरेच बोलत होते. जग केवढे आहे आणि आपण केवढे, असले प्रश्न त्यांना पडत नसत. आज इटलीला दटावायचे, उद्या जपानला. लोक खुशीत घरी जात. इटलीला ते कळले की नाही कोण जाणे. गटार मात्र तुंबलेलेच राहिले.

बंदरावर मंगळुरी कौलांची एक वखार होती. मालकाला गाव मंगळूरकरच म्हणे. तो बायकोला घेऊन कितीतरी वर्षे इथेच राहत होता. ही चपटी कौले आल्यापासून आमच्या कुंभारांच्या नळीच्या कौलांना गिऱ्हाईक राहिले नव्हते. कुंभारांचे हाल खरे होते, आणि मामंजींना त्यांचा कळवळाही खरा होता. पण कौलांवर बोलून सभा तापेना, म्हणून ते माणसावर बोलू लागले. एका दुपारी उंबऱ्याशी बसून ते म्हणाले, "बाहेरचा माणूस येतो, आपल्या डोक्यावर छप्पर घालतो आणि आपल्या पानातला घास उचलून नेतो." माझी विळी थांबली, आणि या वेळी मी लबाडी केली नव्हती. वाक्य चांगलेच होते. आमच्या घरावर मंगळूरकराचीच कौले होती, हे आम्हा दोघांपैकी कुणाच्याही डोक्यात आले नाही.

त्या सभेला मंगळूरकर स्वतः आला होता. त्याने टाळ्याही वाजवल्या. दुसऱ्या दिवशी तो आमच्या ओटीवर येऊन म्हणाला, "भाऊ, छान बोललात."

"तुम्हाला उद्देशून नव्हे हो ते," मामंजी घाईघाईने म्हणाले.

"ते मला ठाऊक आहे. पण माझे हमाल सकाळपासून आले नाहीत."

मामंजींनी स्वतः जाऊन हमालांना समजावले. हमाल कामावर गेले, आणि पुढच्या सभेत तेच वाक्य पुन्हा आले. लोक त्याची वाटच पाहत होते. त्यांना निराश करणे मामंजींना जमत नसे. त्यांचा स्वभावच तसा होता. घरी कुणी आंबे मागायला आले तरी नाही म्हणणे त्यांना जमत नसे.

ब्रह्मदेश हिंदुस्थानातून वेगळा झाला तेव्हाही त्यांनी भाषण केले. "जाणाऱ्याला धरून ठेवू नये. आपलं घर आपल्याला, त्यांचं त्यांना!" टाळी मोठी पडली. मी बायकांत बसले होते, आणि त्या क्षणापासून माझा नवरा परमुलखात गेला, एवढेच मला कळले. यजमानांचे पत्र आले त्यात त्यांनी लिहिले होते, 'इथेही सभा होतात. भाषा कळत नाही, पण टाळी कुठे पडते ते कळते. आमच्या गल्लीत एक मास्तर आहेत, अगदी भाऊंसारखे.' मामंजींनी ते पत्र आल्यागेल्याला वाचून दाखवले. त्यांना फार हसू येई. मला येत नसे, पण का येत नाही हे मला तेव्हा सांगता आले नसते.

पुढच्या पावसाळ्यात रंगूनला दंगल झाल्याची बातमी आली. हिंदुस्थानी लोकांची दुकाने जाळली, माणसे कापली, असे छापले होते. ती बातमी मीच मामंजींना वाचून दाखवली. आमच्याकडे पत्र आले नाही. बंदर पावसाळ्याचे बंद. आगबोट नाही, येणारे माणूस नाही. मी सकाळी उठत होते, भात रांधत होते, वाढत होते. रडू येत नव्हते. मामंजी ओटीवर पोस्टाच्या वाटेकडे तोंड करून बसत. लोक येऊन म्हणत, "भाऊ, सभा घ्या. गाव पेटलंय." अखेर ते हो म्हणाले. त्या दिवशी ते उंबऱ्याशी आले नाहीत.

संध्याकाळी सभामंडपात पाय ठेवायला जागा नव्हती. "तिथं माझा मुलगा आहे," मामंजींनी सुरुवात केली. "जिवंत आहे की नाही, ते मला माहीत नाही. तिथली माणसं त्याला परका म्हणतात." तेवढ्यात मागून कुणीतरी ओरडले, "आणि इथले परके? तो मंगळूरकर?"

मामंजींनी हात वर केला. त्यांना काहीतरी सांगायचे होते, आणि आयुष्यात पहिल्यांदाच त्यांना शब्द सापडत नव्हता. ते नुसते उभे राहिले. लोकांनी टाळ्या वाजवल्या. त्यांनी मान हलवली, टाळ्या वाढल्या. "घरी जा! त्या माणसानं काय केलंय?" हे मी त्यांच्या ओठांवर पाहिले, ऐकू कुणालाच आले नाही. मग माणसे उठली आणि बंदराकडे चालू लागली. मामंजी त्यांच्या मागे धावले, चिखलात घसरून पडले. मी त्यांना उठवले तेव्हा गर्दी वळणापलीकडे गेली होती.

पोलीस आले तोवर वखारीत एक कौल धड उरले नव्हते. मंगळूरकराच्या कपाळाला खापर लागले होते. दुसऱ्या दिवशी तो आणि त्याची बायको कोल्हापूरच्या मोटारीत बसली. मी निरोप द्यायला गेले. तिने माझा हात धरला आणि तिच्या मोडक्यातोडक्या मराठीत म्हणाली, "तुमचे यजमान येतील हां. देव इतका वाईट नाही." मामंजी लांब छत्रीखाली उभे होते. मंगळूरकराने त्यांना मोटारीतून हात जोडले. मामंजींनीही जोडले. मोटार निघून गेली.

बंदर उघडल्यावर पहिल्याच आगबोटीने संगमेश्वराकडचा एक माणूस आला. तो रंगूनला यजमानांच्या खोलीत राहत असे. ओटीच्या पायरीवर बसला, पाणीसुद्धा घेतले नाही त्याने. "भाऊ, ते गेले," म्हणाला. मी दाराआड उभी होते.

मामंजींनी विचारले, "कोण होते मारणारे?"

"आमच्याच गल्लीतली मान्सा. रोज रामराम कराची. त्यांच्या म्होरं तो मास्तर होता. हात वर करून काय तरी सांगत होता त्यांना."

"काय सांगत होता?"

"त्यांची भाषा, भाऊ. आमाला काय कळनार?"

दिवसकार्य झाले. माझे केस काढायचे म्हणून चार वडीलधारी मंडळी आली, तेव्हा मामंजी दारात आडवे उभे राहिले. "तिला कुणी हात लावायचा नाही," एवढेच म्हणाले. मंडळी रागावून गेली. वर्षभर कुणी आमच्याकडे जेवले नाही. असे ते होते, हेही मला सांगायलाच हवे.

गावात सगळे त्यांना म्हणत, "भाऊ, यात तुमचा काय दोष?" ते ऐकून घेत. एका दुपारी ते मागच्या पडवीत माझ्यासमोर येऊन बसले. मग म्हणाले, "सूनबाई, तुला काय म्हणायचं असेल ते एकदा म्हण."

त्यांना काय ऐकायचे आहे ते मला कळले. समोरच्या माणसाला काय हवे ते ओळखायला मी त्यांच्याकडूनच शिकले होते. 'तुमचा दोष नाही', एवढ्या एका वाक्याचा तर प्रश्न होता. मी म्हटले, "पान वाढलंय, चला."

नगरपालिका त्यांनी सोडली. पुढे सभेला कधी उभे राहिले नाहीत. निवडणुकीला लोक बोलवायला येत, ते मान हलवून परत पाठवत. अखेरच्या आजारात मी त्यांना पेज भरवत असे, कूस बदलून देत असे. माझी त्यांच्यावर माया होती, आणि ती काही कमी झाली नव्हती. ते माझ्या तोंडाकडे पाहत राहत. मी त्यांचे तोंड पुसून देई आणि भांडे घेऊन आत जाई.