दबलेले खोके

मित्रांनो, आज रात्रीचं जेवण गेलं नाही, म्हणून लिहितो.

मी सिनेमात हिरोच्या जागी उंचावरून उड्या मारतो. खाली रिकामे खोके रचतात. एका उडीत ते दबतात, मग बदलावेच लागतात. हे मला आमच्या मस्तगडच्या रफिकभाईंनी शिकवलं. पूर्वी तेही उड्या मारायचे, आता मारामारीच्या सीनचे दिग्दर्शक आहेत.

आज राजूरजवळ पहिली उडी झाली.

"आणखी एक. जल्दी वर जा," रफिकभाई खालून ओरडले.

"भाई, खोके बदलू द्या."

"ऊन चाललं. घाबरून राह्यला का?"

सगळे हसले. मी वर गेलो नाही.

"मंग उद्यापासून येऊ नको."

दबलेल्या खोक्यांवर पडल्यामुळेच रफिकभाईंच्या पाठीत सळई आहे. ही भीती मला त्यांनीच दिली. तुम्ही असता तर उडी मारली असती का?