ठोकळ्यांच्या जगातल्या दिवेबाई

खाण चालू होती तोवर सगळे त्यांना दिवेबाई म्हणायचे. खाण बंद होऊन बारा वर्षं झाली, खाली उतरणाऱ्यांना त्या जिथून दिवे द्यायच्या त्या दिवेघराला कुलूप लागलं, तरी नाव काही सुटलं नाही. दूधवाला म्हणतो दिवेबाई, खालच्या मजल्यावरचा शिंपी म्हणतो दिवेबाई. आत्या म्हणणारं जगात एकच माणूस, आणि ते विमानाने चौदा तासांच्या अंतरावर.

ती त्यांची भाची. धाकट्या भावाची मुलगी. आई तिच्या जन्मानंतर वर्षभरातच आजाराने गेली, आणि चौथ्या वर्षी बाप खाणीतून परत आला नाही. तेव्हापासून ती आत्याकडे वाढली, शिकली, मोठी झाली आणि परदेशातल्या एका इस्पितळात रक्त तपासायच्या कामाला लागली. दिवेबाईंचं लग्न राहून गेलं ते राहूनच गेलं. त्याचं त्यांना कधी काही वाटलं नाही. पण ती गेल्यावर मात्र दोन खोल्यांचं घर एकदम अवाढव्य झालं.

फोन व्हायचा रोज, पण त्यात बोलणं कुठे असायचं?

"जेवलीस का गं?"

"जेवले. तू?"

"मीही जेवले."

मग दोघी एकमेकींचा श्वास ऐकत बसायच्या आणि "चल, ठेवते" म्हणून ठेवायच्या.

गेल्या सुट्टीत भाची आली तेव्हा तिने आपला जुना संगणक आत्याच्या शिवणयंत्राशेजारी मांडला आणि त्यात ठोकळ्यांचा खेळ घालून दिला. जमीन ठोकळ्यांची, झाडं ठोकळ्यांची, ढगसुद्धा चौकोनी. ठोकळे फोडायचे, रचायचे, घर बांधायचं, जगायचं. "दर रविवारी आपण दोघी याच्यात भेटायचं," भाची म्हणाली. "इथे बोलायला काहीतरी असेल."

"या वयात मी खेळ खेळू?"

"तू चाळीस वर्षं खाणीवर काढलीस, आत्या. हे तुला डाव्या हाताचं काम आहे."

कसलं डाव्या हाताचं! पहिल्या महिन्यात दिवेबाई अकरा वेळा मेल्या, आणि दर वेळी खेळातल्या आपल्या पलंगावर पुन्हा जाग्या झाल्या. पहिल्यांदा निवडुंगाजवळून जाताना त्याला चिकटूनच उभ्या राहिल्या आणि काटे टोचून टोचून संपल्या. दुसऱ्यांदा सूर्यास्त बघत मागे मागे सरकल्या त्या थेट कड्यावरून खाली. पुढे घर बांधायच्या नादात खायचंच विसरल्या, आणि उपाशीपोटी इतक्या अशक्त झाल्या की पायरीवरून मारलेल्या साध्या उडीने जीव गेला. आयुष्यभर दुसऱ्यांना "डबा घेतलास का" म्हणून विचारणारी बाई उपासमारीने गेली, यावर भाची तिकडे पोट धरून हसली. लाकडी घरावर वीज पडून छप्पर जळालं ते वेगळंच.

पण बाई जिद्दीच्या. प्रत्येक मरणातून त्या काही ना काही शिकल्या. डोंगरावरच्या भुसभुशीत बर्फात माणूस रुततो आणि गारठून मरतो, पण पायात कातड्याचे बूट असले तर वरून चालता येतं, हे त्यांनीच आधी शोधून काढलं. मग भाची बर्फाकडे वळली रे वळली की यांचा आवाज यायचा, "बूट घाल आधी!"

"आत्या, हा खेळ आहे."

"असू दे. बूट घाल."

आणि दिवे. त्या जगात अंधार पडला की भुतंखेतं जन्माला येतात, उजेड असेल तिथे येत नाहीत. एवढं कळल्यावर दिवेबाईंनी मागे वळून पाहिलं नाही. कोळसा आणि काठी जोडून त्या मशाली करत गेल्या आणि घराभोवती, वाटेवर, नदीकाठी रोवत गेल्या. एका रविवारी भाचीने टेकडीवरून खाली पाहिलं आणि म्हणाली, "आत्या, हे आपलं घर आहे की विमानतळ?"

सगळं करायच्या, पण जमिनीखाली पाऊल टाकायच्या नाहीत. हिरे खाली खोलवर मिळतात, म्हणून भाची गुहेत उतरायची. दिवेबाई तोंडाशी उभ्या राहायच्या. "तू ये जाऊन. मी आहे इथे." ती वर येईपर्यंत त्या जागच्या हलायच्या नाहीत, आणि फोनवर दर मिनिटाला विचारायच्या, "आहेस ना?"

तो रविवारही असाच होता. इकडे दुपार, तिकडे सकाळ. भाची खाली उतरलेली, फोन दोघींच्या कानाला. ती बोलत होती, इथे लाव्हा आहे, त्याच्या कडेने जपून चाललेय, इथे भिंतीत काहीतरी निळं चमकतंय. मग तिने एक ठोकळा फोडला आणि भिंतीमागचं पाणी आत आलं.

"अगं बाई, पाणी भरलं! आत्या, वाट दिसत नाहीये."

पाण्याखाली गेलं की त्या खेळात पडद्यावर बुडबुड्यांची एक ओळ येते. तेवढा श्वास उरलेला असतो.

"सहा बुडबुडे. डावीकडे जाऊ की उजवीकडे? आत्या? चार उरलेत."

एक दरवाजा पाण्यात उभा केला असता तर त्याच्या चौकटीत हवा मिळाली असती. हे दिवेबाईंना पाठ होतं, गेल्याच रविवारी त्यांनी स्वतः भाचीला सांगितलं होतं. पण त्या नुसतं तिचं मोजणं ऐकत राहिल्या.  भाची हसत हसत म्हणाली, "दोन... एक... गेले बाई मी!" आणि क्षणभर फोनवर काहीच आलं नाही.

मग आवाज आला. "आले घरी! पलंगावर आहे. चल लवकर, माझं सामान खाली पाण्यात पडलंय, पाच मिनिटांत नाहीसं होईल."

दिवेबाईंनी चष्मा काढून टेबलावर ठेवला.

"आत्या, ऐकतेस ना? ... आत्या, तू रडतेयस?"

"मेल्यावर माणूस असं घरी येतं होय गं," दिवेबाई एवढंच म्हणाल्या आणि पदर तोंडाला लावला.

भाचीने सामानाचा नाद सोडला. सव्वीस वर्षांत न विचारलेलं तिने विचारलं. "बाबांचं असंच झालं का?"

मग दिवेबाई बोलायला लागल्या. खाली जाणारा प्रत्येक माणूस आपला पितळी बिल्ला दिवेघराच्या खिडकीत त्यांच्याकडे द्यायचा आणि दिवा घ्यायचा. बिल्ला खिळ्याला टांगायचा. माणूस वर आला, दिवा परत केला की बिल्ला परत. पाळी संपल्यावर कुणाचा बिल्ला खिळ्यावर राहिला तर तो माणूस अजून खाली आहे, असा हिशेब. त्या दिवशी बावन्न दिवे खाली गेले, एकावन्न वर आले. शेजारच्या जुन्या बंद बोगद्यात साठलेलं पाणी भिंत फोडून आत घुसलं. भाऊ सगळ्यात पुढे होता, म्हणजे बाहेर पडताना सगळ्यात मागे.

"तीन दिवस मी खिडकी बंद केली नाही. साहेब म्हणाले, बाई, आता बंद करा. मी म्हटलं, एक दिवा यायचाय."

"तू मला कधी सांगितलं नाहीस."

"तू कधी विचारलं नाहीस. मला वाटलं, तुला नको असेल."

"आणि मला वाटायचं, विचारलं तर तुला त्रास होईल."

दोघीही थोड्या हसल्या, नाक ओढत.

"शेवटचं काय बोलले बाबा?"

हे सांगायला दिवेबाईंना जड गेलं. "रांगेत उभा होता. म्हणाला, ताई, माझा दिवा पोटभर जेवलाय ना? रोज म्हणायचा तसं. मागे रांग लांब होती. मी म्हटलं, पुढे सर, चहाटळपणा नको." त्या थांबल्या. "दिवा पुरेपूर भरलेला होता. निदान एवढं सांगायला हवं होतं."

भाचीने तिकडून समजूत घातली नाही. म्हणाली, "अजून सांग. ते हसायचे कसे?" त्या दुपारी फोन दोन तास चालला.

पुढच्या रविवारी दिवेबाई बूट घालून, पाठीवर मशाली आणि दरवाजे घेऊन गुहेच्या तोंडाशी उभ्या होत्या. "आज मी पुढे," त्या म्हणाल्या. जाताना उजव्या हाताच्या भिंतीला दिवे लावायचे, म्हणजे परतताना ते डाव्या हाताला दिसतात आणि वाट चुकत नाही. हे त्या खाणीतल्या माणसांकडून ऐकत आल्या होत्या. चालून पाहण्याची वेळ आयुष्यात पहिल्यांदाच आली. वर वाळू, खडी दिसली की थांबायच्या, टेकू द्यायच्या. त्या जगात एवढ्याच दोन गोष्टी डोक्यावर कोसळतात, पण गाडून मारायला तेवढ्या पुरतात. पाण्यापाशी पोचल्यावर त्यांनी दरवाजा उभा केला, त्याच्या चौकटीत श्वास घेतला, आणि एकेक ठोकळा ठेवत पुढे सरकल्या. झऱ्याच्या मुळाशी ठोकळा बसला की पुढचं सगळं पाणी आपोआप आटतं. पण मूळ सापडायला तीन रविवार लागले. भाची मागे उभी राहून दगड पुरवत होती. 

शेवटचा ठोकळा बसला आणि बोगदा कोरडा झाला. कोपऱ्यात निळा हिरा तसाच होता.

"घे, काढ," दिवेबाई म्हणाल्या.

"राहू दे ना इथेच," भाची म्हणाली.

त्या वर्षी भाची पंधरा दिवसांची रजा काढून आली. दोघी रिक्षाने बंद खाणीपर्यंत गेल्या. खोदलेल्या खड्ड्यात आता हिरवट पाणी साठून तळं झालं होतं, काठावर बगळे होते. कुंपणाशी उभं राहून दिवेबाईंनी दाखवलं, दिवेघर इथे होतं, रांग तिथपर्यंत जायची, तुझा बाप या बाजूने यायचा, शीळ घालत. भाचीने विचारलं, "कुठली शीळ?" दिवेबाईंना शीळ घालता येत नव्हती. त्यांनी ओठांचा चंबू करून पाहिला, नुसती फुंकर निघाली. दोघी खूप हसल्या, आणि मग भाचीने कुंपणाची तार इतकी घट्ट धरली की तळहातावर वळ उठले.

पंधरा दिवस कसे गेले कळलं नाही. विमानतळावर निघायच्या आधी भाचीने आत्याच्या उशीचा अभ्रा बदलला, डाळी-तांदळाचे डबे भरले आणि संगणकावरची धूळ पुसली.

परवाच्या रविवारी दिवेबाई ठरल्या वेळेच्या अर्धा तास आधीच जाऊन बसल्या. त्या जगात सकाळ होती. भाचीचा पलंग त्यांच्या पलंगाला लागून होता, पण भाची अजून आली नव्हती, आणि माणूस खेळात नसलं की त्याचं तिथे काहीच दिसत नाही, सावलीसुद्धा नाही. दिवेबाई अंगणात गेल्या, गहू कापला, पाव केले. नदीकडे जाऊन आल्या. टेबलावरचा फोन एकदा उचलून पाहिला.

तेवढ्यात निरोप आला. "आज प्रयोगशाळेत थांबावं लागलंय. एक तास उशीर होईल. चालेल?"

दिवेबाईंनी चष्मा वर केला आणि एकेक अक्षर शोधत लिहिलं, "चालेल. काहीतरी खाऊन ये." मग खुर्ची थोडी पुढे ओढली, आणि पडद्यावरच्या वाटेकडे बघत बसल्या.