बुचोंना वाढलेली टर्की

आमच्याकडे टर्की जेवून गेलेला माणूस दुसऱ्या दिवशी सकाळी हॉस्पिटलात दाखल झाला आणि अकराव्या दिवशी गेला. कुणी कुणाला दोष दिला नाही. हृदय आधीपासूनच थकलेलं होतं, असं सगळे म्हणाले. त्यांच्या ताटात आदल्या दिवशी काय आणि किती पडलं होतं, हे डॉक्टरांना माहीत नव्हतं. मला माहीत होतं, कारण वाढणारी मी होते.

त्या वर्षांत जपानातल्या त्सुकुबात पुण्यामुंबईची सॉफ्टवेअरवाली पोरं दर महिन्याला दोन-चार तरी उतरायची. नवरा त्यांतलाच आणि मी त्याच्यामागून आलेली, व्हिसावर ‘अवलंबित’ असा शिक्का असलेली. परदेशी म्हटलं की घरमालक गोड हसून नाही म्हणायचे. शेवटी नवऱ्याचे विभागप्रमुख स्वतः जामीन राहिले, तेव्हा कुठे अंगण असलेलं एक जुनं लाकडी घर मिळालं. ऑफिसात विभागप्रमुखाला बुचो म्हणतात. आम्हीही त्यांना घरात बुचोच म्हणायचो. पन्नाशी उलटलेला, कमी बोलणारा माणूस. दुपारी घरून आणलेला अळणी डबा खायचे आणि वर दोन गोळ्या घ्यायचे. हे नवऱ्याने मला सांगितलं होतं. मी ‘बिचारे’ म्हटलं आणि विसरून गेले.

एकदा बुचो त्याला म्हणाले, तरुणपणी अमेरिकेत होतो तेव्हा घरमालकीण अंगणात अख्खी टर्की तळायची, तशी चव पुन्हा मिळाली नाही. नवरा घरी आला तो हेच घेऊन. “अगं, आपण करूया. नाहीतरी या माणसाचे उपकार कसे फेडणार आपण?”

मी लग्नापर्यंत अंडंही खाल्लं नव्हतं. लग्नानंतर मटण-चिकन करायला शिकले, खायला नाही. पण पाहुणचार म्हटला की माझ्या अंगात येतं. नवऱ्याने तोक्योहून चार किलोची गोठलेली टर्की आणली. इथले लोक लोणचं मुरवायला वापरतात ती झाकणाची बादली आणली. मिठाचं पाणी, साखर, मिरी, तमालपत्र. इंटरनेटवर मिठाचं माप दिलेलं होतं, ते मी वाचलंसुद्धा नाही. आमच्या माहेरी मीठ मोजून घालणारी बाई कच्ची समजतात. ओंजळीने घातलं. त्या पोकळ पोटात हात घालून आतून चोळताना मला दोनदा ओकारी आली. बादली मागच्या व्हरांड्यात ठेवली, डिसेंबरात तिथे फ्रिजइतकीच थंडी असे.

एका रात्रीनंतर टर्की पाण्यातून काढायची होती. पण नकटीच्या लग्नाला सतराशे विघ्नं. बुचोंना कामामुळे यायला जमेना. त्यांनी फोनवर पाच वेळा माफी मागितली आणि बेत दोन दिवसांनी पुढे गेला. नवरा म्हणाला, “बाहेर काढून ठेवायची का?” मी म्हटलं, “राहू दे रे. जितकी मुरेल तितकी चव येईल.” कैरीच्या लोणच्याचं ज्ञान मी पक्ष्याला लावलं. तीन रात्री ती त्या पाण्यात पडून होती.

रविवारी दुपारी अंगणात गॅसची शेगडी मांडली. धुराचा त्रास होईल म्हणून शेजारच्या आजींना आदल्या दिवशीच मिठाईचा डबा देऊन आलो होतो. टर्की टॉवेलने आतून-बाहेरून कोरडी केली. तेल किती लागेल ते आधी भांड्यात पाणी भरून, त्यात ती बुडवून बघितलं होतं. नवऱ्याने सळईला अडकवून ती इंचाइंचाने तेलात सोडली. असा आवाज झाला की मी मागे सरले. अर्ध्या तासाने ती तांबूस होऊन वर आली तेव्हा बुचोंनी टाळ्या वाजवल्या. त्यांना हसताना मी पहिल्यांदाच बघत होते.

जेवायला ते तिघं बसले, नवरा, बुचो आणि त्यांच्या पत्नी. मी नेहमीप्रमाणे वाढायला उभी. पाहुणे उठल्याशिवाय घरची बाई बसत नाही. नवऱ्याने पहिला घास घेतला आणि माझ्याकडे बघून म्हणाला, “जरा खारट झालंय, पण चालेल.” मी चाखून बघणार नव्हतेच.

बुचोंनी पहिला तुकडा संपवला. ग्लासभर पाणी प्यायले. छान झालंय, म्हणाले. मी दुसरा वाढला. तो संपल्यावर म्हणाले, “पुरे.” त्यांच्या पत्नीही म्हणाल्या, “यांचं आता झालं.” त्या इतक्या हळू बोलल्या की मला ते लाजणं वाटलं. खरं सांगते, मला भाषा कळत नव्हती असं नाही. ‘पुरे’साठी ते काय म्हणतात हे मी पहिल्याच आठवड्यात शिकले होते. पण आमच्याकडे पाहुण्याचं पहिलं ‘नको’ कुणी ऐकतं का? ते ऐकून वाढणारी थांबली तर तिचा हात आखडता, असं आयुष्यभर म्हणतात. मी म्हटलं, “एक माझ्यासाठी!” त्यांनी खाल्ला. त्यांच्याकडे ताटात टाकणं पाप. मग त्यांनी ताटावर आडवा हात धरला. मी हसत हसत तो हात बाजूला केला आणि मांडीचा मोठा तुकडा वाढला. नवरा हसला, बुचोही हसले. पत्नी हसल्या नाहीत. त्यांनी बुचोंकडे नुसतं बघितलं आणि बुचोंनी तोही तुकडा हाडापर्यंत संपवला.

अती तिथे माती, हे मला शाळेपासून पाठ होतं.

पहाटे त्यांचा श्वास कोंडला. पाय सुजले, छातीत पाणी झालं. नवऱ्याने ऑफिसातून फोन केला तेव्हा मी उरलेले तुकडे डब्यात भरत होते. बोट चाटून बघितलं, आयुष्यात पहिल्यांदा. तोंड मिठाने भाजल्यासारखं झालं. असलं त्यांनी चार वेळा खाल्लं होतं, आणि चारही वेळा माझे आभार मानले होते.

ते गेल्यानंतर तीन आठवड्यांनी आम्ही त्यांच्या घरी गेलो. फोटोपुढे उदबत्ती लावली. त्यांच्या पत्नी जमिनीला कपाळ टेकेल इतक्या वाकल्या आणि म्हणाल्या, “तुम्हाला फार काळजीत टाकलं. मी आधीच स्पष्ट सांगायला हवं होतं. चूक माझी.” मी मोडक्यातोडक्या भाषेत म्हटलं, चूक तुमची नाही, मीठ माझं होतं, आग्रह माझा होता, त्यांचा हात मी बाजूला केला. नवऱ्याने माझा दंड दाबला. त्या ऐकत राहिल्या. नाहीही म्हणाल्या नाहीत, होही म्हणाल्या नाहीत. मला त्यांनी शिव्या दिल्या असत्या तर मी त्यांचे पाय धरले असते.

मग त्यांनी किटली उचलली आणि विचारलं, अजून थोडा चहा?

मी म्हटलं, नको.

त्यांनी किटली लगेच खाली ठेवली.