अस्वलाला भय शिकवताना

पंचवटीतले राहते घर सोडून हरसूलच्या डोंगरात अस्वलांमागे हिंडणाऱ्या कुमुद देवरे यांना त्यांची आई विचारी, "रामाला चौदा वर्षं पुरली. तुला किती लागणार?" कुमुदताई हसत आणि पिशवी भरू लागत.

नव्वदच्या दशकाच्या आरंभी त्यांनी एका मादीला आपली सवय लावायचे ठरवले. भ्यालेले अस्वल अभ्यासकाला पाठ तेवढी दाखवते, असे त्या म्हणत. रोज तोच न धुतलेला खाकी सदरा घालायचा, आपला वास तिच्यापर्यंत पोहोचेल अशा जागी बसायचे, आणि बसून राहायचे. चौथ्या उन्हाळ्यात ती हाकेच्या अंतरावर निर्धास्तपणे वारूळ उकरू लागली. पाठीवरचे पिल्लू उतरून तिथेच खेळू लागले. कुमुदताईंच्या निबंधांचे परिसंवादांत कौतुक झाले.

त्या भागात मोहाची फुले वेचायला निघालेली माणसे झाडाखाली शिरण्यापूर्वी लांबूनच खाकरतात, कुऱ्हाडीचा दांडा खोडावर आपटतात. अस्वल असले तर उठून जाते. मग टोपल्या टेकतात. हा जुना करार कुमुदताईंना ठाऊक होता. त्यातली अस्वलाची बाजू आपणच मोडीत काढत आहोत, हे मात्र त्यांच्या ध्यानी आले नाही.

दोन वर्षांनी, ऐन चैत्रात, आईच्या आजारपणामुळे त्या नाशकात अडकल्या. परतल्या तेव्हा गोटीराम आणि पुतळाबाई, ज्यांच्या पडवीत त्यांचा मुक्काम असे, दोघेही दारातच उभे होते.

"बाई, अस्वल मारलं आम्ही," गोटीराम म्हणाला.

"कुणाच्या अंगावर आलं?"

"नाय. तेच तर. खाकरलो, दांडं आपटलं, पोरींनी डबं वाजवलं. ते आपलं मोह खात बसलं. पळंना, म्हणजे पिसाळलेलंच ना? पोरं होती संगं."

"आन् तुमी तिथंच एकल्या बसता," पुतळाबाई म्हणाली. "उद्या तुमालाच फाडलं असतं."

"पिसाळलेलं नव्हतं ते."

"मंग पळालं का नाय?"

कुमुदताईंनी पिल्लाचे विचारले. ते कड्याकडे गेले होते.

ते त्यांना ओढ्याकाठी भेटले. खरे तर त्यानेच त्यांना शोधले. आता आईएवढे होत आलेले ते पिल्लू वासाच्या मागाने सरळ आले आणि बेताच्या अंतरावर माती हुंगू लागले. मोह अजून गळत होता. उद्या ना परवा माणसे त्याच्याही समोर येणार होती.

त्या ओरडल्या. त्याने मान वर केली आणि पुन्हा मातीत नाक घातले. त्यांनी दगड उचलला. पहिला त्याच्यापुढे पडला. ते तो हुंगायला आले. दुसरा खांद्यावर बसला. ते कण्हले आणि त्यांच्याच दिशेने दोन पावले चालले, घाबरलेले लेकरू ओळखीच्या माणसाकडे येते तसे. तिसरा दगड कुमुदताईंनी नेम धरून तोंडावर मारला. ते करवंदीच्या जाळीत घुसले, तरी त्यांचा हात थांबला नाही. पावसाळा लागेपर्यंत त्या रोज जात राहिल्या आणि दिसेल तिथे त्याला मारत राहिल्या.

पुढे ते दिसेनासे झाले. उकरलेली वारुळे आणि विष्ठा तेवढी मिळे. एवढ्या खुणांवर निबंध होत नाही, आणि कुमुदताईंनी पुन्हा कोणत्याच अस्वलाला सवय लावली नाही. दर चैत्रात मात्र त्या पुतळाबाईला त्या पिल्लाचे विचारत.

"हाय ना, पन दिसतंय कुठं? मानसाची चाहूल लागली की धूम."

हे ऐकून त्यांना बरे वाटे. आणि मग त्या एकट्याच ओढ्याकाठच्या करवंदीच्या जाळीपर्यंत जाऊन येत.