अडतिसावं अंजीर

हडपसरच्या त्या सोसायटीत आप्पासाहेब माळीकाम करू लागले, तेव्हा लोक हळहळले. जमीन एकेकाळी त्यांचीच होती ना! आप्पासाहेबांना मात्र त्याचं काही वाटलं नाही. झाडं सांभाळायची, मग सातबारा कुणाच्या का नावावर असेना. पण त्यांच्या जुन्या बागेतल्या चाळीस अंजिरांपैकी पार्किंगच्या टोकाला एकच उरलं होतं, आणि यंदा त्याची छाटणी अडली होती.

अडली ती त्यांच्या बायकोपायी, मैनाबाईंपायी. पन्नास वर्षं दोघांची एकच रीत: मैनाबाई खालून काठीने फांदी दाखवणार, आप्पासाहेब शिडीवरून कापणार. फांदीच्या कुठल्या डोळ्यावर कापलं की नवा फुटवा नीट बाहेरच्या अंगाला जाईल, हे बाईंना बरोबर कळायचं. आप्पासाहेबांना कात्री चालवता यायची, एवढंच. आता मैनाबाईंना नातवंडांची नावंही आठवत नव्हती. तीन आठवडे आप्पासाहेब त्यांना रोज झाडाखाली खुर्चीवर बसवत, हातात काठी देत. त्या काठी मांडीवर ठेवून नुसत्या हसत.

"आपण झाड बघताय की मुहूर्त?" सेक्रेटरी श्रीनिवास म्हणाले. "उद्या कंत्राटदाराला बोलावलंय. करवतीने तासाभरात उरकेल."

करवत म्हणजे झाडाचा नुसता खांब होणार. पण आप्पासाहेबांना खरी भीती होती ती वेगळीच. ही शेजारी बसलेली असूनही आता कधीच परत यायची नाही.

मग त्यांना आपली चूक उमगली. मैनाबाईंनी जन्मात कधी मधूनच सुरुवात केली नव्हती. छाटणी नेहमी विहिरीजवळच्या पहिल्या झाडापासून व्हायची.

विहीर केव्हाच बुजवलेली, तिथे आता गेट होतं. आप्पासाहेबांनी त्यांना तिथे नेलं, घडीची शिडी उघडली. "कर सुरू," ते म्हणाले. "हितं पहिलं झाड हाय."

मैनाबाईंनी वर पाहिलं. काठी उचलली. आप्पासाहेब चढले आणि दाखवलं तिथे हवेतच कात्री चालवली. दुसरं झाड. तिसरं. दुचाक्यांमधून रांग हळूहळू पुढे सरकली. ऊन मऊ झालं, आणि आप्पासाहेबांना खरोखरच अंजिराच्या चिकाचा वास येऊ लागला. बाल्कन्यांत माणसं जमली. कुणी शेरा मारला नाही, पुण्यात हे विशेषच.

अडतिसाव्याला शिडी खऱ्या झाडाखाली आली. काठी थेट एका फांदीला टेकली.

"खालच्या डोळ्यावर कापा," मैनाबाई म्हणाल्या. "अहो, बघत काय ऱ्हायलाय?"

कितीतरी महिन्यांनी आलेलं ते 'अहो' ऐकून आप्पासाहेबांना समोरची फांदी दिसेना. डोळे पुसून त्यांनी कापलं. एकेक करत सगळं झाड झालं.

आता खरं तर थांबायला हरकत नव्हती. पण मैनाबाई पलीकडच्या कोऱ्या भिंतीकडे निघाल्या होत्या. "चला, दोनच ऱ्हायली."

आप्पासाहेबांनी शिडी उचलली आणि मागोमाग गेले.