तिसरा रुमाल

त्या दिवशी मी वेळेवर होतो. हे आधीच सांगून टाकतो, कारण मला ओळखणारं कुणी हे वाचत असेल तर त्याचा विश्वास बसायचा नाही. सकाळचे दहा वाजायला दोन मिनिटं कमी होती. चष्मा पुसलेला, फोन पूर्ण चार्ज केलेला आणि मी मुकुंदवाडीतल्या आमच्या घराच्या ओट्यावर खुर्ची टाकून ऐटीत बसलो होतो. खेळ उघडला. मित्रांच्या यादीत सुधाकरचं नाव होतं, पण नावापुढचा हिरवा ठिपका नव्हता. दहा वाजून गेले, पाच मिनिटं झाली, तरी ठिपका येईना. मी मनातल्या मनात खूश झालो. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच तो माझ्या तावडीत सापडला होता. ‘काय टूलरूमवाले, आज बस चुकली का?’ असं म्हणायचं मी ठरवूनही टाकलं. तेवढ्यात फोन वाजला. रफीकचा होता. “नामदेव...” एवढंच म्हणाला आणि थांबला. मग म्हणाला, “अपना सुधाकर गया यार. मनीषा का फोन आया था.” पहाटे छातीत दुखायला लागलं, दवाखान्याच्या दारापर्यंत नेलं, आणि तिथंच सगळं संपलं. मी ‘बरं’ म्हणालो. अशा वेळी माणूस काय वाटेल ते बोलतो. मी ‘बरं’ म्हणालो आणि पुन्हा त्या यादीकडं बघत बसलो.

याला आता सव्वा महिना झाला. साठी ओलांडलेली तीन माणसं मोबाईलवर ठोकळे रचण्याचा खेळ खेळत होती, हे ऐकून लोक हसतात. हसू द्या. पण त्याआधी आमच्या बसची गोष्ट ऐका, म्हणजे हसावं की नाही ते नीट ठरवता येईल. आम्ही तिघं वाळूजला एकाच कंपनीत होतो. सुधाकर टूलरूममध्ये, मी स्टोअरमध्ये, रफीक पेंट शॉपमध्ये. कंपनीची बस मुकुंदवाडीहून सुटायची. सुधाकर तेव्हा आमच्याच गल्लीत राहायचा आणि बसच्या आधी दहा मिनिटं जाऊन उभा असायचा. मी मात्र शर्टाची बटणं लावत, चपला फटफटवत, बस हलता हलता पोचणारा. रफीक पुढं क्रांती चौकात चढायचा, तोवर पाय ठेवायला जागा नसायची. पण आम्हा दोघांना बसायला कधी मिळालं नाही असं झालं नाही. पुढच्या दोन जणांच्या सीटवर सुधाकरचे दोन रुमाल पडलेले असत. निळ्या चौकटीचा माझा, पांढरा रफीकचा. कुणी तिथं टेकायला गेलं की सुधाकर एकच वाक्य बोलायचा, “रुमाल दिसत नाय का?” आवाज चढवायचा नाही, पण समोरचा उठायचा. आणि स्वतः तो ड्रायव्हरशेजारच्या बॉनेटवर बसायचा, आमच्याकडं तोंड करून, म्हणजे रस्त्याकडं पाठ. उन्हाळ्यात ते बॉनेट असं तापायचं की त्यावर पापड भाजून निघाले असते. मी एकदा विचारलं तर म्हणाला, “इंजनाचा आवाज ऐकला की बरं वाटतंय. बिघाड आधी कानाला कळतो.” आम्ही ते खरं मानलं. फुकट बसायला मिळालं की माणूस बरंच काही खरं मानतो.

पंचवीस वर्षांनी एकामागोमाग आम्ही रिटायर झालो आणि सुधाकर बजाजनगरला मुलीच्या घराच्या वरच्या मजल्यावर राहायला गेला. नोकरी होती तोवर कंपनीपासून वीस किलोमीटर लांब राहिला, आणि रिटायर झाल्यावर कंपनीच्या दारात जाऊन बसला! मी हे त्याला कितीदा ऐकवलं असेल, तो फक्त हसायचा. रफीक शहागंजला, मी इकडं शहराच्या पूर्वेच्या टोकाला. आठवड्याला भेटू म्हणालो होतो, ते महिन्यावर गेलं, मग कुणाच्या तरी लग्नावर. तेव्हा कळलं की आमची मैत्री त्या बसमध्येच होती. बस बंद झाली तर ती कुठं ठेवायची, हे कुणालाच ठाऊक नव्हतं.

मग त्याच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं. पडून पडून तो घरच्यांवर करवादायला लागला तेव्हा मनीषानं, त्याच्या मुलीनं, त्याच्या फोनवर हा खेळ घालून दिला. मोकळं रान असतं, माती, दगड, लाकूड सगळं ठोकळ्या-ठोकळ्यांचं, आणि हवं ते बांधायचं. ज्यानं आयुष्यभर लोखंडाच्या ठोकळ्यातून अचूक माप काढलं त्याच्या हातात हे दिल्यावर दुसरं काय होणार? आठ दिवसांत त्याचा फोन आला. “नाम्या, बस तयार हाय. तू अन् रफीक चढा फकस्त.” मला वाटलं, ऑपरेशनच्या गोळ्यांचा परिणाम असेल.

चढायला आम्हाला तीन आठवडे लागले. रफीकच्या फोनमधला खेळ जुना, सुधाकरचा नवा, त्यामुळं दोघांची गाठच पडेना. माझा पासवर्ड मी असा जपून ठेवला की मलाच सापडेना. मी एकदा भलत्याच सुधाकरला मित्र होण्याची विनंती पाठवली, आणि त्या भल्या माणसानं ती मान्यही केली. ग्रुप कॉल लावून सुधाकर एकेक पायरी सांगायचा, आम्ही चुकायचो, तो पुन्हा पहिल्यापासून सांगायचा. टूलरूममध्ये शिकाऊ पोरांवर खेकसणारा हा माणूस आमच्यावर मात्र एकदाही चिडला नाही. आणि एका सकाळी पडद्यावर एकदम उजाडलं. हिरवं मैदान, आमच्या बसस्टॉपवर होतं तसं एक झाड, झाडाखाली पत्र्याची शेड, आणि शेडसमोर लाल बस. “झाड लिंबाचं भेटलं नाय,” सुधाकर म्हणाला, “पण लिंबच समज.” बसमध्ये दोन सीट, एकीवर निळा गालिचा, दुसरीवर पांढरा. त्या खेळात रुमाल मिळत नाहीत, म्हणून त्यानं गालिचे टाकले होते. रफीक थेट पांढऱ्या गालिच्यावर जाऊन उभा राहिला. मग म्हणाला, “अरे मियाँ, तूने तो रुमाल बी रखे...”

त्या जगाचं नाव सुधाकरनं ‘मुकुंदवाडी’ ठेवलं. रोज दहा वाजता तो ते उघडायचा, कॉल लावायचा आणि आम्ही आत शिरायचो. एक गोष्ट मात्र आम्हाला उशिरा समजली, ती अशी की हे सगळं जग एकट्या सुधाकरच्या फोनमध्ये होतं. तो आत असेल तोवर आम्ही आत, तो बाहेर पडला की आम्हीही बाहेर. रफीक आमच्यात सावध. म्हणाला, याची एक नक्कल काढून ठेवू, फोनचा काय भरवसा. सुधाकर म्हणाला, “मी हाय की! घाबरता कशाला?” त्याच्या तोंडी ‘मी हाय की’ आलं की आमचं समाधान व्हायचं, ही पंचवीस वर्षांची सवय. नक्कल राहून गेली.

रफीकनं कोंबड्या पाळल्या. त्या सगळीकडं हिंडायच्या, बसमध्येही शिरायच्या. मी गावाकडच्या सवयीनं गहू पेरला आणि भोवती भिंत घातली. ती भिंत सुधाकरनं दुसऱ्या दिवशी पाडली. का, तर ओळंब्यात नव्हती. “टूलरूममधी एक एमएम म्हंजी लई असतंय,” तो म्हणाला, “अन् तू अख्खा ठोकळा चुकवला!” मला राग आला. म्हटलं, याला न सांगता दुपारी चोरून सराव करू आणि एकदा दाखवूनच देऊ. दुपारी खेळ उघडला, ‘मुकुंदवाडी’ लिहिलं आणि आत गेलो. आत बस नाही. शेड नाही, कोंबड्या नाहीत, माझा गहूही नाही. नुसतं रान. मी डोंगर चढलो, नदी ओलांडली, काही सापडेना. माझी खात्रीच झाली की एका भिंतीच्या वादावरून सुधाकरनं सगळंच पाडून टाकलं. तीन दिवस मी दहा वाजता आत गेलो नाही, फोनही उचलला नाही. वय एकसष्ट, आणि रुसवा सहावीतल्या मुलाचा!

चौथ्या दिवशी दारात रिक्षा थांबली. सुधाकर एक पाय सांभाळत उतरला. बजाजनगरहून आला होता, त्या गुडघ्यानं. ओट्यावर बसला, पाणी प्याला आणि म्हणाला, “बघू तुझा फोन.” दोन मिनिटं बघितलं आणि असा हसला की आमची ही आतून बघायला आली. मी त्याच्या जगात शिरण्याऐवजी त्याच नावाचं एक नवं कोरं जग माझ्याच फोनमध्ये तयार केलं होतं आणि त्यात यांना शोधत हिंडलो होतो. “आरं नाम्या,” डोळे पुसत तो म्हणाला, “हे तुझं एकट्याचं हाय. हितं कितीबी हिंड, कुणी भेटायचं नाय.” आमची समोरासमोर ही शेवटची भेट. तेव्हा मीही हसलो होतो. आता ते वाक्य आठवतं आणि हसू येत नाही.

सुधाकरच्या पुण्यानुमोदनाच्या कार्यक्रमाला आम्ही दोघं बजाजनगरला गेलो. वंदना झाली, लोक बोलले, जेवणं झाली. सुधाकरचा फोन कोपऱ्यातल्या टेबलावर चार्जिंगला लावलेला होता. माझं लक्ष वारंवार तिकडं जात होतं. मनीषा कुणाला तरी सांगताना ऐकलं, “आईचा फोन बंद पडलाय, आता पप्पांचाच सगळा साफ करून तिला देणार आहे.” फोन साफ केला म्हणजे ती बस गेली, रुमाल गेले, त्यानं आमच्यासाठी धरून ठेवलेली जागा गेली. पण सांगणार कसं? ज्या बाईचा नवरा जाऊन महिना झाला नाही तिला म्हणायचं, वहिनी, आमचा खेळ तेवढा पुसू नका? रफीक मला कोपरानं ढोसत होता, “तू बोल, तू बोल.” शेवटी निघताना मी कमलवहिनींच्या समोर उभा राहिलो. आधी पावसापाण्याचं बोललो, मग त्यांच्या तब्येतीचं, मग पुन्हा पावसापाण्याचं. शेवटी एका दमात सांगून टाकलं आणि मान खाली घातली.

“मला वाटलं, तुम्ही इचारताच का नाय,” वहिनी म्हणाल्या. “म्या मनीला आत्ताच सांगितलं, त्या खेळाला हात लावू नको म्हणून. भाऊजी, दहा वाजले की तुम्हा तिघांचं भांडण सुरू व्हायचं अन् म्या सैपाकघरात ऐकत भाजी चिरायची. आता दहा वाजता घर लई मोठं वाटतंय.” मग म्हणाल्या, “म्या उघडून देईन. मला फकस्त कुठं दाबायचं ते सांगा.”

दुसऱ्या दिवशी दहा वाजता कॉल लागला. मनीषा त्यांच्या शेजारी होती. हिरवा ठिपका आला... आम्ही आत शिरलो. आणि शेडखाली सुधाकर उभा होता. डोक्यावर नाव, तोच निळा सदरा. कळत असतं हो, की ते चित्र आहे, फोन वहिनींच्या हातात आहे. तरी तो आमच्याकडं वळला तेव्हा मला रडू आलं, आणि मी ते दाबलं नाही. वहिनींना चालवता येत नव्हतं. सुधाकर खांबाला धडकला, मग लिंबाला, मग माझ्या गव्हात शिरला. रफीक सांगत होता, “भाभी, थोडं डावीकडं... नै नै, दुसरी डावी.” असं करत करत त्यांनी त्याला एकदाचा बसमध्ये आणला.

“हे दोन रुमाल तुमचे व्हय?” वहिनींनी विचारलं. मी हो म्हणालो. “अन् ह्यांची जागा कोणती?”

“तो बॉनेटवर बसायचा, वहिनी. ड्रायव्हरशेजारी. सीट दोघांचीच होती.”

“बॉनेटवर?” वहिनी म्हणाल्या. “पंचवीस वर्सं? मला तर सांगायचे, खिडकीपाशी बसतो, लई हवा लागते म्हणून...”

पंचवीस वर्षं मी त्या निळ्या रुमालावर बसलो आणि समोरच्या माणसाला एकदाही म्हणालो नाही की आज तू इकडं ये. एकदाही नाही. मी कामाला लागलो. बसची डावी बाजू फोडली, आतून एक ठोकळा वाढवला, खिडकी काढली, खिडकीशी सीट केली. रफीकनं तीवर हिरवा गालिचा टाकला. बस एका बाजूनं पोटुशी दिसायला लागली. माप साफ चुकलं होतं, सुधाकर असता तर त्यानं ती दुसऱ्या दिवशी पाडली असती. वहिनींनी त्याला हळूहळू खिडकीपाशी नेऊन उभं केलं आणि म्हणाल्या, “आता ऱ्हाऊ द्या तितं.”

तेव्हापासून हा रोजचा शिरस्ता आहे. मनीषानं आईला दुसरा फोन घेतला आणि सुधाकरचा पडदा विझू नये अशी सोय करून दिली. वहिनी सकाळी ‘मुकुंदवाडी’ उघडतात, फोन सैपाकघरातल्या कट्ट्यावर टेकवून ठेवतात आणि भाजी चिरायला घेतात. नक्कलही काढली आहे, एक माझ्याकडं, एक रफीककडं. मी आता दहाला दहा कमी असतानाच आत असतो. वहिनी पहिले काही दिवस चेष्टा करायच्या, आता करत नाहीत. सुधाकर खिडकीपाशी असतो. रफीकचा हल्ली उशीर होतो, नातवाला सोडून यावं लागतं. काल त्याचीच एक कोंबडी टणाटणा उड्या मारत बसमध्ये शिरली आणि पांढऱ्या गालिच्यावर जाऊन उभी राहिली. मी एकटाच होतो. आवाज न चढवता तिला म्हणालो,

“रुमाल दिसत नाय का?”